सूर्य तो की ती

आमच्या डावीकडच्या घरात एक जपानी बाई राहतात. वय ऐंशीच्या आसपास, एकट्या, अंगाने मूठभर. नवरा संशोधक होता, तो जाऊन बरीच वर्षं झाली. आम्ही इकडे परदेशात, या श्रूजबरीत घर घेतलं तेव्हा त्या आधीपासून इथे होत्या, त्यामुळे या गल्लीच्या मूळ रहिवासी त्याच असं मी मानतो. आमच्याकडे येणारी-जाणारी सगळी मराठी मंडळी माझ्या बायकोला काकू म्हणतात. बाईंनी ते कुंपणापलीकडून इतक्यांदा ऐकलं, की तेच तिचं नाव आहे असं समजून त्या तिला 'काकू-सान' म्हणायला लागल्या. हे नाव नाही, नातं आहे, असं मी त्यांना एकदा इंग्रजीत व्यवस्थित समजावलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, 'आमच्या भाषेत काकू म्हणजे खाजवणं' अशी माहिती दिली, आणि पुन्हा काकू-सानच म्हणाल्या. बायकोला ते आवडलं होतं, म्हणून मी विषय सोडून दिला.

मी निवृत्त इंजिनिअर. उभा जन्म सर्किट बोर्डातल्या चुका शोधण्यात गेला, त्यामुळे दुसऱ्याची चूक दिसली की मला गप्प बसवत नाही. माझी कोणी दाखवली तर मात्र सहन होत नाही. आमच्या पिढीला बायकोचं नाव घ्यायची सवय नाही, तेव्हा इथेही मी तिला 'ही'च म्हणणार. तर ही म्हणजे आमच्या मराठी मंडळाचा आवाज. गणपती असो, दिवाळी असो, माईक हिच्याच हातात. ण चा न केलेला हिला खपत नाही. इथे जन्मलेली, घरात इंग्रजीत उत्तरं देणारी मुलं स्टेजवर 'बाळ' आणि 'पाणी' नीट म्हणतात ती हिच्या धाकाने. माझे उच्चार पहिल्यापासून कच्चे. लग्न झाल्यापासून माझी दुरुस्ती चालू आहे आणि मी अजून दुरुस्त झालेलो नाही.

गेल्या वर्षी गणपती झाल्यावर हिचं थायरॉइडचं ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली. आम्ही देवापुढे साखर ठेवली. पण आवाजाच्या नसेला धक्का बसला होता. असं होऊ शकतं हे आधी सांगितलेलं होतं, कुणाची चूक नव्हती. हिचा आवाज घोगरा, जाड, मध्येच तुटणारा झाला. आवाजाची एक थेरपिस्ट असते हे मला तेव्हा कळलं. तिने व्यायाम दिले: तोंड मिटून गुणगुणायचं, आणि ग्लासातल्या पाण्यात स्ट्रॉ घालून आवाज काढत बुडबुडे सोडायचे. बोलत राहिलात तर पुष्कळसा आवाज परत येईल, गप्प बसलात तर हा असाच राहील, असं तिने स्पष्ट सांगितलं. मी शेजारी बसून ऐकलं होतं, म्हणून मला ते नीट आठवतं.

पहिले काही दिवस हिने बुडबुडे काढलेही. मग दिवाळीच्या कार्यक्रमासाठी एक फोन आला. मंडळात नुकतीच आलेली मुलगी होती, पुण्याची, मोठी गोड. हिने फोन उचलला आणि म्हणाली, "हॅलो, बोल." तिकडून आवाज आला, "हाय काका, काकूंना फोन देता का प्लीज? दिवाळीचं अँकरिंग कन्फर्म करायचं होतं."

स्पीकर चालू होता, म्हणून मीही ऐकलं. हिने फोन माझ्या हातात दिला आणि खाली निघून गेली. त्या मुलीला मी काय बोललो ते आठवत नाही. ही खाली गेली ती जवळजवळ वर आलीच नाही.

आमच्या घराला अर्धा जिना खाली एक गेस्ट रूम आहे. आमची मुलगी फ्रिस्कोहून आली की तिथे उतरते. हिने तिथे मुक्काम हलवला. ब्लाइंड्स बंद, दार बंद. जेवण मी खाली नेऊन द्यायचो, नाहीतर मी झोपल्यावर ती वर येऊन खायची. माझ्याशी बोलणं व्हॉट्सअ‍ॅपवर. मी वर किचनमध्ये, ही खाली, आणि फोनवर अक्षरं: 'चहा.' मग: 'साखर कमी.' रविवारी मुलीचा व्हिडिओ कॉल आला की ही हात हलवायची आणि कॅमेऱ्यातून बाजूला व्हायची. नात विचारायची, "व्हाय इज आजी ऑन म्यूट?" मुलगी मला वेगळा फोन करून रडायची. मला रडता येत नाही, मी चिडतो. मी दाराबाहेर उभा राहून हिला चार शब्द सुनावले, समजावलं, थेरपिस्टचं नाव घेऊन घाबरवलं. दार उघडलं नाही, म्हणून उरलेलं वर किचनमध्ये येऊन ओरडलो. फोनवर अक्षरं आली: 'ओरडू नका. व्हेंटमधून सगळं ऐकू येतं.'

इकडच्या घरांना हीटिंगचे पत्र्याचे पाइप भिंतींतून फिरवलेले असतात आणि प्रत्येक खोलीत त्यांचं जाळीदार तोंड असतं, तेच व्हेंट. आमच्या किचनमधलं तोंड आणि गेस्ट रूममधलं तोंड एकाच पाइपवर आहे. म्हणजे मी वर भांडं आपटलं तर ते हिच्या उशाशी वाजायचं. एवढी वर्षं या घरात राहून मला हे माहीत नव्हतं. मी एकटा असताना काय काय बडबडतो ते आठवून मला घाम फुटला.

डिसेंबरात बर्फ सुरू झालं. आमच्याकडे स्नो ब्लोअर आहे, बाईंकडे फक्त फावडं. त्यांचा ड्राइव्हवे मीच साफ करतो, आणि त्या मला चहा पाजतात. हिरवा, बिनसाखरेचा, औषधासारखा. इतकी वर्षं मी तो दारातच संपवून पळायचो. त्या दिवशी मात्र घरी जायची घाई नव्हती, म्हणून आत बसलो.

त्यांच्या किचनमध्ये उंचावर एक फळी आहे. फळीवर लाकडाचं इवलंसं देऊळ, पुढे वाटीत तांदूळ, चिमूटभर मीठ, पाणी. बाई रोज सकाळी ते बदलतात. मी इंजिनिअर असलो तरी देवघर ओळखतो. पण देवळापुढे मूर्ती नव्हती, गोल आरसा होता. देव कुठाय म्हणून विचारलं. त्या म्हणाल्या, "तोच. सूर्य. ती त्यात असते."

"तो," मी म्हणालो.

"ती," बाई म्हणाल्या.

मी त्यांना सांगितलं की सूर्य हा पुरुष आहे. सूर्यनारायण म्हणतात त्याला. सात घोड्यांचा रथ आहे, दोन बायका आहेत, मुलं आहेत. चंद्र तर आमच्याकडे सगळ्या पोरांचा मामाच आहे. त्या म्हणाल्या, चंद्र पुरुष आहे हे बरोबर, तो तिचा भाऊ. पण सूर्य बाई. आमच्याकडे पहिल्यापासून बाईच. मी म्हटलं, सूर्य एकच आहे, मग तुमच्याकडे बाई आणि आमच्याकडे पुरुष असं कसं होईल? त्यांनी माझा कप भरला आणि म्हणाल्या, "तुम्ही कधी विचारलं होतं का त्याला?"

 मग त्यांनी मला तिची गोष्ट सांगितली. त्यांच्या आदिदेवाने मेलेल्या बायकोला शोधत पाताळात जाऊन आल्यावर आंघोळ केली. डावा डोळा धुतला तेव्हा सूर्यदेवी जन्मली, उजवा धुतला तेव्हा चंद्र, आणि नाक धुतलं तेव्हा वादळाचा देव. नाकातून जन्मलेल्याकडून जी अपेक्षा करावी तेच त्याने केलं. बहिणीच्या भातशेतीचे बांध फोडले, तिच्या महालात घाण केली, आणि शेवटी तिच्या विणकामाच्या दालनाचं छप्पर फोडून सोललेला घोडा आत फेकला. एक विणकरीण दगावली. तेव्हा सूर्यदेवी एका गुहेत गेली आणि तिने आतून शिळा लावून घेतली. जगात अंधार झाला.

"आणि मग?" मी विचारलं. गोष्ट ऐकता ऐकता मी तो चहा संपवला होता.

मग सगळे देव नदीच्या पात्रात जमले. ऐंशी लाख. आमचे तेहतीस कोटी, असं मी मध्येच सांगून घेतलं, निदान तिथे तरी आपण पुढे आहोत. कोंबडे आरवायला लावले. झाडाला आरसा टांगला. मग एका देवीने लाकडी टब पालथा घातला, त्यावर चढून ती दणदण नाचली, नाचताना अंगावरच्या कपड्यांची शुद्ध राहिली नाही, आणि ऐंशी लाख देव खो खो हसले. गुहेतल्या देवीला प्रश्न पडला की मी इथे, बाहेर अंधार, मग हे हसतायत कशाला? तिने शिळा जराशी सरकवली. तुझ्याहून थोर देवी आलीय, असं तिला सांगून समोर आरसा धरला. कोण आहे ती म्हणून ती पुढे झाली, तशी एका पहिलवान देवाने हात धरून तिला बाहेर ओढलं, आणि दुसऱ्याने मागे दोरी बांधली. या दोरीच्या आत परत जायचं नाही.

मी घरी येताना बर्फात उभा राहिलो. आमच्या गेस्ट रूमच्या खिडकीचे ब्लाइंड्स बंद होते. मला एकदम हुरूप आला. समस्या सुटलेली कुठेतरी लिहून ठेवलेली असली की इंजिनिअरला धीर येतो.

संध्याकाळी मी व्हेंटपाशी खुर्ची ओढून बसलो आणि कांदा चिरता चिरता, जणू स्वतःशीच, ती गोष्ट मोठ्याने सांगितली. देवांची नावं मला बाईंनी दोनदोनदा म्हणून दाखवली होती, तरी ती माझ्या तोंडात येईपर्यंत त्यांचं व्हायचं ते झालं. सूर्यदेवीला मी 'आमटीरस्सू' म्हणालो. वादळाच्या देवाला 'सासूनो'. चंद्राचं नाव मी घेतलंच नाही. जरा वेळाने फोन वाजला. हिने कुठेतरी शोधून काढलं होतं: 'अमातेरासू. सुसानोओ. देवाचं नाव आहे, नीट म्हणा.'

मला इतका आनंद झाला की मी कांदा तसाच टाकला. पुढच्या संध्याकाळी मी पुन्हा बसलो. बाईंकडून रोज एक देव आणायचा आणि रात्रीच्या स्वयंपाकाच्या वेळी व्हेंटमध्ये सोडायचा, असा क्रम लागला. भाताचा देव, ज्याचे निरोप कोल्हे नेतात. चुलीचा देव. संडासाचीही एक देवता असते आणि ती म्हणे दिसायला सुंदर असते. एके दिवशी बाईंनी मला एक जुनं चित्र दाखवलं. नावेत बसलेले सात देव, आणि त्यात एकच बाई, हातात तंतुवाद्य घेतलेली. मी ओळखलंच. म्हटलं, ही आमची सरस्वती. बाई म्हणाल्या, "हो, तुमच्याकडूनच आली. फार पूर्वी. परत काही गेली नाही." वाद्य जरा वेगळं झालंय, नाव वेगळं झालंय, पण बाई तीच. मी व्हेंटला सांगितलं की वाणीची देवी बोटीने जपानला गेली, आवाज बदलला तिचा, पण तिला तिथेही सरस्वतीच मानतात. हे मी मुद्दाम सांगितलं. खालून काहीच आलं नाही, दुरुस्तीसुद्धा नाही.

तेव्हा मी ठरवलं की आता देवांची सभाच भरवायची. मंडळातले आमचे जुने मित्र बोलावले. त्यांत नागपूरचा एक डॉक्टर आहे, बौद्ध आहे, विनोद सांगण्यात त्याचा हात कोणी धरत नाही. त्याला मी गुहेची गोष्ट सांगितली. तो म्हणाला, "अरे, त्याच सूर्यदेवीला पुढे तिकडच्या बौद्धांनी महासूर्य बुद्ध मानलं. म्हणजे यार, मी आलोच पाहिजे." शनिवारी दुपारी सगळे आले. मी पोहे केले, थोडे गिचके झाले. डॉक्टरने एकामागून एक विनोद सांगितले आणि आम्ही व्हेंटच्या दिशेने तोंड करून हसलो. म्हणजे हसायला हवं तिथे हसलो. एकदोघं तर माझ्याकडे बघून, आता हसू का, अशा चेहऱ्याने थांबायचे. जरा वेळाने खालून खाड असा आवाज आला. हिने व्हेंटची जाळी बंद केली होती. मंडळी लवकर उठली. जाताना डॉक्टरने माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि काही बोलला नाही. तो बोलत नाही म्हणजे परिस्थिती कठीण आहे, हे मला कळलं.

त्या रात्री मला पहिल्यांदा भीती वाटली. हिचा जुना आवाज मला आठवेना. चाळीसच्या वर वर्षं ऐकलेला आवाज, आणि तो नेमका कसा होता हे मनात आणता येईना.

दुसऱ्या दिवशी बाईंना सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "देवांना कोणी हसा म्हणून सांगितलं नव्हतं. त्यांना हसू आलं." मग चहा ओतत म्हणाल्या, "आणि ती काही खुशीत बाहेर आली नाही. माझ्यावाचून यांचं चाललंय कसं, म्हणून चिडून आली." मी मान हलवली. माझं लक्ष नव्हतं. त्या म्हणाल्या त्यातलं काही माझ्या डोक्यात शिरलं नाही.

जानेवारी असाच गेला. हिने जाळी पुन्हा उघडली होती, एवढंच. मग रथसप्तमी आली. दर वर्षी ही पाटावर रक्तचंदनाने रथ काढते, सूर्याचं तोंड काढते, घरामागच्या लाकडी डेकवर छोटी शेगडी ठेवून तिच्यावर मातीच्या बोळक्यात दूध तापवते आणि ते पूर्वेला उतू जाऊ देते. बर्फ असलं तरी. कोट घालून, कानटोपी घालून. या वर्षी कोण करणार? मी जन्मात केलेलं नव्हतं. पण सकाळी उठलो तर स्वच्छ ऊन पडलं होतं, बर्फावर डोळे दिपत होते, आणि मला वाटलं, या घरात आज सूर्याला कोणीच विचारलं नाही तर ते बरं दिसणार नाही. सणाबद्दल आधी बोललो होतो म्हणून बाईही आल्या. लाल घेवड्याचं गोड सारण भरलेले तांदळाचे गोळे घेऊन, ठेवणीतला कोट घालून. आल्या त्या सूर्याच्या सणाला आल्या, माझ्या मदतीला नव्हे. तसं त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

डेकवर गुडघाभर बर्फ होतं. दार उघडेचना. मग मी सिंकच्या पूर्वेकडच्या खिडकीशी, किचनच्या ओट्यावरच शेगडी मांडली. पाटावर रथ काढला. घोडे सात काढायचे होते, पण पाय जमेनात, म्हणून सगळे शेळ्यांसारखे झाले. दूध तापायला ठेवलं. दूध तापेपर्यंत काय करायचं, तर सूर्याची बारा नावं घ्यायची. ती मला येतात. शाळेत सूर्यनमस्कार घालताना पाठ केलेली आहेत, मास्तरांच्या शिट्टीसकट. मी हात जोडून सुरू केलं आणि बाई माझ्यामागून एकेक नाव म्हणू लागल्या, कमरेत वाकून, अगदी मनापासून.

"ॐ मित्राय नमः."

"ओम मितोराया नमाहा."

"ॐ रवये नमः." "ॐ सूर्याय नमः." "ॐ भानवे नमः." "ॐ खगाय नमः." बाई म्हणत होत्या, वाकत होत्या, खिडकीतून ऊन त्यांच्या पांढऱ्या केसांवर पडलं होतं. मला एकदम प्रसन्न वाटलं. मी आवाज चढवला.

"ॐ पुष्पे नमः."

"ओम पुश्पे नमाहा," बाईंनी कमरेत वाकून म्हटलं.

"पूष्णे!"

आवाज ओट्याखालून आला. जाड, फाटका, पत्र्यातून घुमून आलेला. बाई जागच्या जागी थिजल्या. मग त्या सावकाश वळल्या आणि जमिनीलगतच्या त्या व्हेंटच्या जाळीला त्यांनी खाली, आणखी खाली वाकून नमस्कार केला.

"पुष्पे नाही हो! पूष्णे! ष्णे! त्या बिचाऱ्या बाईंना काय शिकवताय?"

बाई जाळीपुढे हात जोडून म्हणाल्या, "पूश्ने."

"ण! ण! जीभ मागे!"

"पूश्... ण्णे."

"हां," जाळी म्हणाली.

आणि मला हसू आलं. आधी नाकातून आलं, मग पोटातून. मी ओट्याला धरून हसायला लागलो. जपानी बाई व्हेंटपुढे वाकलेल्या आणि व्हेंट त्यांना ण शिकवतोय, हे बघून हसू नको तर काय करू? बाईंनी माझ्याकडे बघितलं, व्हेंटकडे बघितलं, आणि तोंडावर हात धरून त्याही हसायला लागल्या. त्यांचे डोळे दिसेनासे झाले. आम्ही इतके हसलो की दुधाकडे कुणाचं लक्ष राहिलं नाही, आणि ते उतू गेलं. नुसतं पूर्वेला नाही, चारी दिशांना. शेगडीवर, ओट्यावर, शेळ्यांच्या रथावर. धूर झाला, करपल्याचा वास सुटला, आणि छतावरचा स्मोक अलार्म किंचाळायला लागला.

मी खुर्चीवर चढलो तर हात पुरेना. तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. ही वर आली. गळ्याभोवती ओढणी, केस न विंचरलेले, हातात टॉवेल. माझ्याकडे न बघता तिने शेगडी बंद केली, खिडकी उघडली, मला खुर्चीवरून उतरवलं आणि अलार्मखाली उभी राहून टॉवेल दणदण हलवायला लागली. टॉवेल हलवता हलवता तोंड चालू होतं. किचनमध्ये कोणी रथसप्तमी करतं का, दूध कोणी एवढ्या मोठ्या आचेवर ठेवतं का, हे घोडे आहेत की काय आहेत. आवाज मध्येच तुटत होता, परत लागत होता, खर्जात जात होता. तो थांबला नाही. अलार्म बंद झाला तरी ही बोलतच होती. मी भिंतीला टेकून ऐकत होतो. बरं वाटत होतं, फार बरं वाटत होतं.

मग हिला भान आलं. बाईंकडे बघून ती एकदम गप्प झाली आणि ओढणी गळ्यावर ओढून घेतली. बाई पुढे झाल्या. त्यांनी आपला लोकरीचा लांब मफलर काढला, जिन्याच्या तोंडाशी गेल्या, आणि एका कठड्यापासून दुसऱ्या कठड्यापर्यंत तो आडवा बांधला. गाठ मारून, ओढून बघून.

हिने गोष्ट व्हेंटमधून ऐकलेली होती. तिला समजायला वेळ लागला नाही. मफलरकडे बघत ती माझ्या दिशेने म्हणाली, "अहो, माझा चष्मा खाली राहिलाय."

"मी आणतो," मी म्हणालो, आणि मफलरखालून वाकून गेलो.

चष्मा घेऊन वर आलो तेव्हा दोघी टेबलाशी बसल्या होत्या. बाई लाल सारणाचा गोळा हिच्यापुढे सरकवत होत्या. "काकू-सान," त्या म्हणाल्या, "पुन्हा एकदा. सहावं नाव." आणि ही, त्या फाटक्या आवाजात, शांतपणे, जीभ कुठे लावायची ते दाखवत सांगत होती. मला वाटतं तिच्या लक्षात आलं असावं, की समोरची बाई आवाज ऐकतच नाहीये, उच्चार ऐकतेय.

मफलर तीन-चार दिवस तसाच राहिला. येता-जाता दोघंही वाकून जायचो, पण सोडवायचं नाव कोणी काढलं नाही. ही वरच झोपायला लागली. बुडबुडे पुन्हा सुरू झाले. सकाळी चहाच्या वेळी, ग्लासात स्ट्रॉ घालून, माझ्याकडे रागाने बघत. मी हसलो तर ही आणखी जोरात बुडबुडे काढते, ते थेरपीसाठी चांगलंच. रविवारी नातीने विचारलं, "आजी, आर यू सिक?" ही म्हणाली, "नाही गं, बेडूक गिळला." तेव्हापासून पोरगी दर रविवारी बेडकाची चौकशी करते.

आवाज पूर्वीसारखा झालेला नाही. थोडा वर चढलाय, तुटणं कमी झालंय, पण जाडी राहील असं थेरपिस्ट म्हणते. सूर्य तो की ती याचा निकालही अजून लागलेला नाही. बाई ती म्हणतात, मी तो म्हणतो, आणि ही म्हणते की उच्चार नीट करा, मग काय म्हणायचं ते म्हणा.

मार्चच्या सुरुवातीला, पाडव्याच्या आधी, एका संध्याकाळी फोन वाजला. ऊन अजून होतं, किचनच्या ओट्यापर्यंत आलं होतं. ही भाजी निवडत होती. तिने ओल्या हाताने फोन उचलला, स्पीकर लावला आणि म्हणाली, "हॅलो."

तीच मुलगी होती, पुण्याची. "हाय काका," ती म्हणाली, "काकू आहेत का?"

माझा हात आपोआप फोनकडे गेला. हिने तो बाजूला केला.

"काकूच बोलतेय," ही म्हणाली. "आवाज आता हाच आहे, सवय करून घे. हं, बोल, पाडव्याचं काय ठरलंय?"